२५ लाखांत आलेली ८० लाखांची गाडी

सेकंड हँड स्पोर्ट्‌स कारच्या जाहिरातीत फोटोपेक्षा जास्त भुरळ घालते ती किंमत. समजा, दहा-बारा वर्षांपूर्वी शोरूममधून ८० लाखांना बाहेर पडलेली दोन दारांची गाडी आज २५ लाखांना दिसतेय. एवढ्या पैशांत एखादी बऱ्यापैकी नवी एसयूव्ही येते. मनातला हिशोब लगेच सुरू होतो आणि त्यात नेमकी एक बाब सुटते. गाडीची किंमत उतरली आहे, तिच्या सुट्या भागांची नाही. ब्रेक डिस्क, शॉक अब्सॉर्बर, हेडलाइट, गिअरबॉक्स हे सगळं आजही ८० लाखांच्या गाडीच्याच भावाने मिळतं, आणि पुष्कळदा बाहेरून मागवावं लागतं. हत्ती स्वस्तात मिळाला म्हणून त्याचा चारा कमी होत नाही.

म्हणून घेऊच नका, असं मात्र मी म्हणणार नाही. योग्य गाडी, योग्य कागद आणि हाताशी राखीव पैसा असेल तर हा सौदा नव्या गाडीपेक्षा शहाणपणाचा ठरू शकतो. खाली जे लिहिलंय ते महाराष्ट्रात पहिल्यांदाच अशी गाडी घेणाऱ्यांसाठी.

पायरी १: गाडी चालवणार कुठे, ते आधी ठरवा

मुंबई-पुणे एक्स्प्रेसवेवर कारची वेगमर्यादा ताशी १०० किलोमीटर आहे, घाटात त्याहून बरीच कमी, आणि कॅमेरे आता जागोजागी आहेत. कार्टिंगचे ट्रॅक सोडले तर राज्यात मोठं रेसिंग सर्किट नाही. त्यासाठी कोइम्बतूरचं कारी, चेन्नईजवळचं इरुंगट्टुकोट्टई किंवा ग्रेटर नोएडाचं बुद्ध सर्किट गाठावं लागतं. शिवाय शर्यतीत किंवा वेगचाचणीत झालेलं नुकसान नेहमीच्या विमा पॉलिसीत बसत नाही. तेव्हा ‘३०० च्या वर जाते’ या आकड्यासाठी पैसे मोजू नका.

मग मजा कशात आहे? रविवारी पहाटे ताम्हिणीत, रस्ता मोकळा असताना, ताशी ६०-७० च्या वेगातसुद्धा स्टिअरिंगमधून रस्ता हाताला कळणं, खाली बसलेली सीट, इंजिनाचा आवाज. आणि इथेच जुन्या गाडीची खरी जमेची बाजू आहे. पोर्शच्या बॉक्स्टर-केमनची ९८७ ही पिढी (२००५ ते २०१२) हायड्रॉलिक, म्हणजे ऑइलच्या दाबावर चालणाऱ्या आणि रस्ता हाताला जास्त कळवणाऱ्या स्टिअरिंगची शेवटची. त्यानंतर इलेक्ट्रिक आलं. टर्बो (इंजिनात जादा हवा कोंबणारा पंखा) नसलेली मोठी इंजिनं आणि मॅन्युअल गिअर नव्या गाड्यांमधून जवळजवळ हद्दपार झालेत. जे नव्यात सहजासहजी मिळत नाही, ते जुन्यात मिळतं. घसाऱ्याचा पहिला, सगळ्यात मोठा दणकाही आधीच्या मालकाने सोसलेला असतो.

एक साधी परीक्षा घ्या. तुमच्या सोसायटीच्या तळघरातल्या पार्किंगचा उतार, दारासमोरचा बेकायदा स्पीडब्रेकर आणि ऑफिसच्या वाटेवरचे खड्डे नजरेसमोर आणा. टेस्ट ड्राइव्हला गाडी घ्याल तेव्हा ती शक्यतो तुमच्या घरापर्यंत आणा. पुढचा बंपर उतारावर टेकत असेल तर तो रोज टेकणार आहे. घरात ही एकच गाडी असणार असेल, आई-वडिलांना दवाखान्यात नेण्यापासून सगळं तिच्यावरच असेल, तर इथेच थांबा. स्पोर्ट्‌स कार ही दुसरी गाडी म्हणूनच परवडते.

पायरी २: मॉडेल निवडण्याआधी मेकॅनिक शोधा

लोक उलटं करतात. आधी गाडी घेतात, मग ती कोण दुरुस्त करेल याची चौकशी. अधिकृत सर्व्हिस सेंटर आहेच, पण वॉरंटी संपलेली दहा वर्षांची गाडी कायम तिथेच न्यायची म्हटलं तर खिसा फाटतो. तुमच्या शहरात त्या कंपनीच्या गाड्यांवर काम करणारं, योग्य स्कॅनर (गाडीच्या संगणकातले दोष वाचणारं यंत्र) असलेलं स्वतंत्र गॅरेज आहे का? असेल तर त्याच्याकडे जाऊन विचारा: ‘या मॉडेलमध्ये काय काय जातं, आणि गेलं तर किती लागतात?’ हे पंधरा मिनिटांचं बोलणं शंभर व्हिडिओंपेक्षा जास्त शिकवतं. मुंबई-पुण्यात अशी गॅरेजेस आहेत. लहान शहरात राहत असाल तर टो-ट्रकचा खर्च हिशोबात धरा.

आता आपल्याकडच्या बाजारात दिसणाऱ्या काही गाड्यांबद्दल.

*पोर्श बॉक्स्टर आणि केमन (९८७).* माझी पहिली पसंती, पण वर्ष बघून. २००५ ते २००८ च्या इंजिनांमध्ये आयएमएस नावाच्या बेअरिंगची भीती असते. ते फुटलं तर इंजिनच जातं. त्याच काळातल्या ३.४ लिटर इंजिनात सिलिंडरच्या भिंतीवर ओरखडे पडण्याची तक्रारही जगभर नोंदली गेली आहे. २००९ मध्ये इंजिन नव्याने आलं, त्यात ते बेअरिंगच नाही, आणि पीडीके हा ड्युअल-क्लच, म्हणजे दोन क्लचचा ऑटोमॅटिक गिअरबॉक्सही तेव्हाच आला. दोन-चार लाख जास्त गेले तरी २००९ नंतरचीच घ्या.

*बीएमडब्ल्यू झेड४ (ई८९, २००९ ते २०१६).* छप्पर धातूचं, घडी होऊन डिकीत जाणारं. ते बंद असतं तेव्हा गाडी कूपे, म्हणजे पक्क्या छताची दोन दारांची गाडी होते, म्हणून पावसाळी प्रदेशात कापडी छतापेक्षा बरी. पण त्या यंत्रणेतले हायड्रॉलिक पंप, सेन्सर आणि वायरिंग वयानुसार कुरकुरतात. छप्पर किमान तीनदा उघडून मिटून बघा, मध्ये कुठे अडखळलं तर किंमत त्या हिशोबाने पाडा. ३५आय या प्रकारातलं एन५४ इंजिन जोरदार आहे, पण त्याचा हाय-प्रेशर फ्यूएल पंप बदनाम आहे. तो बदलल्याचं बिल मागा.

*ऑडी टीटी.* दिसायला देखणी, वापरायला त्यातल्या त्यात सोपी, आणि तिचे बरेच भाग फोक्सवॅगन समूहाच्या इतर गाड्यांशी जुळतात. हा मोठा फायदा. दुसऱ्या पिढीच्या टर्बो इंजिनात ऑइल खाण्याची आणि टायमिंग चेन टेन्शनरची (इंजिनातली साखळी ताणून धरणारा भाग) तक्रार असते. ऑइल किती किलोमीटरला टॉपअप करावं लागतं, हा प्रश्न मालकाला अचानक विचारा. ‘लागतच नाही’ हे उत्तर पटकन आलं तर डिपस्टिक (ऑइलची पातळी दाखवणारी पट्टी) काढून बघा.

*फोर्ड मस्टँग जीटी.* २०१६ मध्ये दिल्लीत एक्स-शोरूम ६५ लाखांना आली. कारखान्यातूनच उजव्या हाताचं स्टिअरिंग घेऊन आलेली ही पहिली पिढी. ५ लिटरचं व्ही८ इंजिन टर्बोशिवाय, गिअरबॉक्स साधा सहा गतींचा ऑटोमॅटिक, त्यामुळे युरोपियन गाड्यांपेक्षा गुंतागुंत कमी. पण फोर्डने २०२१ मध्ये भारतातलं उत्पादन थांबवायची घोषणा केली आणि डीलरांचं जाळं आटलं. जवळचं सुरू असलेलं सर्व्हिस सेंटर कुठे आहे ते आधी बघा. लांबीला अवाढव्य आहे, पार्किंग मोजून घ्या.

आणि ज्यांना खरं तर वेगवान गाडी हवी आहे, दोन दारांचा हट्ट नाही, त्यांनी स्कोडा ऑक्टाव्हिया व्हीआरएसकडे बघावं. २०२० ची व्हीआरएस २४५ भारतात फक्त २०० आली, म्हणून तिचा भाव चढा राहतो. मागे तीन माणसं बसतात, डिकीत चार बॅगा मावतात आणि घरच्यांचा विरोध निम्म्यावर येतो. नवख्यांपैकी बहुतेकांना मी हीच सुचवतो, आणि ते ऐकत नाहीत.

पायरी ३: खर्चाचा कागद मांडा

विम्यापासून सुरुवात करा, कारण तिथेच सगळ्यात जास्त गैरसमज आहेत. १५०० सीसीच्या वरच्या खासगी कारचा थर्ड पार्टी हप्ता वर्षाला ७,८९७ रुपये आहे. तो किरकोळ. खरा प्रश्न गाडीच्या स्वतःच्या नुकसानीचा. पाच वर्षांनंतर गाडीची विमा किंमत ठरलेल्या तक्त्याने येत नाही, तुमच्या आणि कंपनीच्या संमतीने ठरते. झिरो डेप्रिसिएशन, म्हणजे घसारा न कापता भरपाई देणारं कव्हर, एवढ्या जुन्या गाडीला सहसा मिळत नाही. मग दावा करताना प्लास्टिक आणि रबराच्या भागांवर ५० टक्के कापले जातात. गाडी दहा वर्षांहून जुनी असेल तर धातूच्या भागांवरही ५० टक्के. म्हणजे रिक्षाने हेडलाइट फोडला आणि तो दीड लाखाचा निघाला, तर विमा असूनही ७५ हजार तुमचे. हे वाक्य घरी मोठ्याने वाचून दाखवा.

टायर १८-१९ इंचाचे, पुष्कळदा पुढचे-मागचे वेगळ्या मापाचे. तसे असतील तर अदलाबदल करता येत नाही, मागचे लवकर झिजतात. ब्रेकचे कॅलिपर (डिस्कला दाबून धरणारे चिमटे) पिवळे असतील तर पोर्शमध्ये ते सिरॅमिक ब्रेक असल्याची खूण आहे. डिस्क बदलायची वेळ आली तर खर्च लाखांत जातो. कोणी नुसताच पिवळा रंग मारलेला नाही ना, हेही बघा!

पेट्रोलचा मुद्दा नवा आहे. पंपावर आता २० टक्के इथेनॉल मिसळलेलं पेट्रोल मिळतं. इथेनॉलमध्ये पेट्रोलच्या मानाने साधारण एकतृतीयांश ऊर्जा कमी, म्हणून मायलेज थोडं घसरतं. त्याहून महत्त्वाचं, २०१० च्या आसपासच्या गाड्या या प्रमाणासाठी बनवलेल्या नव्हत्या. टाकीच्या झाकणाच्या आत किती इथेनॉल चालतं ते बऱ्याचदा लिहिलेलं असतं. रबरी पाइप, सील आणि फ्यूएल पंप तपासून घ्या, आणि गाडी महिनोन्महिने उभी राहणार असेल तर टाकीत जुनं पेट्रोल साचू देऊ नका. जास्त ऑक्टेनचं पेट्रोल कंपनीने सांगितलं असेल तर तेच घाला, तिथे काटकसर नको.

माझा ठोकताळा असा: खरेदीच्या किमतीच्या किमान १५ टक्के रक्कम पहिल्याच दिवशी वेगळ्या खात्यात. २५ लाख हातात असतील तर गाडी २१ लाखांची बघा. कर्ज काढून गाडी आणि क्रेडिट कार्डावर सर्व्हिसिंग, ही जोडी वाईट. गाडी विकणारे कितीतरी जण नेमके याच कारणाने विकत असतात.

भावाची तुलना करतानाही सावध राहा. २२ सप्टेंबर २०२५ पासून मोठ्या गाड्यांवरचा २८ टक्के जीएसटी आणि वरचा उपकर जाऊन सरसकट ४० टक्के झाला, म्हणजे नव्या महाग गाड्या काहीशा उतरल्या. जुलै २०२५ मध्ये सह्या झालेल्या भारत-ब्रिटन व्यापार करारात ठरावीक संख्येच्या ब्रिटिश गाड्यांवरचं आयात शुल्क १० टक्क्यांपर्यंत खाली आणायची तरतूद आहे. नवी उतरली की जुनीही उतरते. ‘पुढच्या वर्षी याच भावाला विकून टाकाल’ असं सांगणाऱ्या विक्रेत्याला फक्त मान डोलवा.

पायरी ४: कागदपत्रं

आरसीवरचं नाव, चॅसी नंबर आणि इंजिन नंबर प्रत्यक्ष गाडीशी ताडून बघा. परिवहनच्या पोर्टलवर कर्जाचा बोजा आहे का, विमा चालू आहे का, ई-चलनं किती थकली आहेत हे दिसतं. अशा गाड्यांवर वेगाच्या चलनांची माळ असते, ती सौदा होण्याआधी मालकाकडून भरून घ्या. बँकेचा बोजा असेल तर फॉर्म ३५ आणि बँकेचं ना-हरकत पत्र लागतं. हस्तांतरासाठी फॉर्म २९ आणि ३०. गाडी परराज्यातली असेल तर फॉर्म २८, म्हणजे तिथल्या आरटीओची एनओसी.

परराज्यातल्या गाडीवर जरा थांबू. दिल्लीची गाडी स्वस्त दिसते. जुन्या गाड्यांबाबत तिथले नियम कडक, म्हणून मालक घाईत असतात. पण महाराष्ट्रात आणल्यावर इथला कर भरावा लागतो आणि आपला कर देशातल्या चढ्या करांपैकी आहे. २० लाखांवरच्या खासगी पेट्रोल गाडीला १३ टक्के, पूर्ण आयात केलेल्या गाडीला २० टक्के. जुन्या गाडीला वयानुसार सूट मिळते, मूळ राज्याकडून परतावा मागता येतो, पण तो कधी येईल हे देव जाणे. हे सगळं धरल्यावर दिल्ली आणि पुण्याच्या भावातला फरक बराचसा विरघळतो. महाराष्ट्रातच कर भरलेली एमएच पासिंगची गाडी घेणं, ती लाखभर महाग असली तरी, मला जास्त पटतं.

आयात कोणी केली, हेही बघा. कंपनीने अधिकृतपणे विकलेली गाडी आणि कोणीतरी व्यक्तिशः मागवलेली गाडी यांत फरक आहे. दुसऱ्या प्रकारात बिल ऑफ एंट्री, म्हणजे सीमाशुल्क भरल्याचा कागद, बघितल्याशिवाय पुढे जाऊ नका. शुल्क बुडवलेलं निघालं तर गाडी जप्त होते, तुम्ही कितीही प्रामाणिक असा.

वयाचा हिशोबही मांडा. पंधरा वर्षांनी फिटनेस आणि नोंदणीचं नूतनीकरण येतं. आयात गाडीला त्याची फी ४०,००० रुपये आहे आणि वीस वर्षांपुढे ८०,०००. तेरा वर्षांची गाडी स्वस्त का मिळतेय, याचं एक उत्तर इथे असतं.

पायरी ५: तपासणी

मालकाला आदल्या रात्री सांगा की सकाळी मी येईपर्यंत गाडी सुरू करू नका. पोचल्यावर आधी बॉनेटवर हात ठेवा. गरम लागलं तर काहीतरी झाकायचं आहे, असं धरून चाला. थंड इंजिन सुरू होतानाच चेनचा खडखडाट ऐकू येतो आणि धूर दिसतो. निळसर धूर म्हणजे ऑइल जळतंय, दाट पांढरा आणि गोडसर वासाचा म्हणजे कूलंट. हिवाळ्यातली थोडी वाफ चालते.

इग्निशन ऑन केल्यावर एअरबॅगचा दिवा क्षणभर लागून विझायला हवा. मुळात लागतच नसेल तर कोणीतरी तो बंद करून ठेवला आहे, म्हणजे एअरबॅग उघडून गेलेली असू शकते. रंगाची जाडी मोजणारं मीटर सोबत न्या. कारखान्याचा रंग साधारण १०० ते १८० मायक्रॉन असतो. ३०० च्या वर गेला की डेंटिंग-पेंटिंग झालंय. ऑडी टीटीच्या दुसऱ्या पिढीत बराच भाग अॅल्युमिनियमचा आहे, तिथे लोखंडापुरतं चालणारं स्वस्त मीटर काही दाखवणार नाही. टायरवरचा चार आकडी कोड वाचा, २३१९ म्हणजे २०१९ चा तेविसावा आठवडा. खाच भरपूर पण टायर सहा-सात वर्षांचे असतील, तर ते नवे घ्यायचे आहेत असंच समजा.

पुरात बुडालेली गाडी ओळखणं मुंबई, कोल्हापूर, सांगली, चिपळूणच्या वाचकांना वेगळं सांगायला नको, पण जमिनीलगत बसणाऱ्या गाडीच्या आत पाणी लवकर शिरतं हे लक्षात ठेवा. सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढा, टोकाला चिखलाची रेघ दिसते. सीटखालच्या रुळांचा गंज, हेडलाइटच्या आतली वाफ आणि आत शिरताच येणारा अत्तराचा भपकारा, हे तीनही एकत्र असतील तर निघून या.

कमी किलोमीटर हा निव्वळ गुण नाही. बारा वर्षांत १५ हजार किलोमीटर चाललेली गाडी बहुतेक काळ उभी होती. तिचे सील वाळलेले असतात, बुश (सस्पेन्शनच्या सांध्यातले रबर) फुटलेले असतात आणि सहा गतींच्या, ऑइलमध्ये बुडालेल्या क्लचच्या डीएसजी (फोक्सवॅगन समूहाचा ड्युअल-क्लच) गिअरबॉक्सचं ऑइल ‘६० हजार कुठे झालेत अजून’ म्हणून कधी बदललेलंच नसतं. दरवर्षी बिलं फाडलेली ४५ हजारांची गाडी मी डोळे झाकून पसंत करेन.

शेवटी पैसे देऊन व्यावसायिक तपासणी, गाडी लिफ्टवर चढवून, तुमच्या मेकॅनिककडून. विक्रेत्याने सुचवलेल्या मेकॅनिककडून नको. पोर्श असेल तर कंपनीच्या स्कॅनरवरून ओव्हर-रेव्हचा अहवाल काढून घ्या. इंजिन मर्यादेपलीकडे किती वेळा आणि कितव्या तासाला फिरलं, ते संगणकात सहा टप्प्यांत नोंदलेलं असतं. वरच्या टप्प्यांतली नोंद अगदी अलीकडची असेल तर गाडी सोडा. रिमॅप, म्हणजे ताकद वाढवायला इंजिनाच्या संगणकात फेरफार, केलंय का, सायलेन्सर बदललाय का, तेही विचारा. मूळ सायलेन्सर सोबत मिळत नसेल तर त्याची किंमत वजा करा. आवाजाचा दंड तुम्हीच भरणार आहात, आणि न कळवलेल्या बदलांवरून विमा कंपनी दावा अडवू शकते.

पायरी ६: सौदा आणि त्यानंतर

टोकन देताना कागदावर लिहून घ्या की तपासणीत दोष निघाला तर ते परत मिळेल. पूर्ण रक्कम बँकेतूनच. डीलरकडून घेत असाल तर तो नोंदणीकृत आहे का ते विचारा. १ एप्रिल २०२३ पासून जुन्या गाड्यांच्या डीलरांना आरटीओचं अधिकारपत्र लागतं आणि गाडी ताब्यात आल्याची सूचना पोर्टलवर द्यावी लागते. नाव लगेच बदलून घ्या. आरसीवर ज्याचं नाव तोच कायद्याने मालक, आणि अपघात झाला तर जबाबदारी त्याचीच, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये स्पष्ट केलंय, त्यामुळे विकणाऱ्यालाही यात घाई हवीच. विमा १४ दिवसांत नावावर करून घ्या. आधीच्या मालकाचा नो क्लेम बोनस (दावा न केल्याची सूट) तुम्हाला मिळत नाही, त्यामुळे हप्ता थोडा वाढेल.

गाडी घरी आली की पहिल्या आठवड्यात इंजिन ऑइल, ब्रेक ऑइल, कूलंट आणि गिअरबॉक्स ऑइल बदला, बिलात काहीही लिहिलेलं असो. ब्रेक ऑइल हवेतली ओल शोषतं आणि कोकणातल्या हवेत ते लवकर होतं. आठवड्यातून एकदाच निघणार असेल तर बॅटरीला मेंटेनर (चार्ज टिकवून ठेवणारा छोटा चार्जर) लावा, नाहीतर संगणकांनी भरलेली ही गाडी पंधरा दिवसांत मान टाकते. पावसाळ्यात तळघरात उंदीर वायरिंग कुरतडतात, आणि या गाड्यांचं वायरिंग हार्नेस हा दोनशे रुपयांत जोडून देण्याचा प्रकार नाही. बॉनेट दर चार दिवसांनी उघडून बघत जा.